युरो ट्रक सिम्युलेटर २ : १.४० अपडेटनंतरची रात्र

गेममध्ये नॉर्वेतल्या बर्गनहून ऑस्लोला माशांचा रीफर, म्हणजे थंड पेटीचा ट्रेलर, घेऊन निघालो होतो. एका लांब बोगद्यातून बाहेर पडलो आणि काच क्षणभर पांढरीफटक झाली. मग हळूहळू रस्ता उमटला, डोंगर उमटले. शेजारी अण्णा बसले होते. पुणे-बेंगळुरू लाइनवर अठ्ठावीस वर्षं गाडी चालवलेला माणूस. म्हणाले, "खंबाटकीच्या बोगद्यातनं पुण्याकडं बाहेर आलं की अस्संच दिपतं बघ." चार वर्षं मी हा गेम खेळतोय, त्यांनी पडद्याकडे पहिल्यांदाच नीट पाहिलं.

प्रागच्या एससीएस सॉफ्टवेअरचा हा गेम २०१२ चा. इंजिन, म्हणजे गेम चालवणारं मूळ सॉफ्टवेअर, त्यांचं स्वतःचं, प्रिझम थ्रीडी. याचा पुढचा भाग काढण्याऐवजी ते त्याच इंजिनात भर घालत आलेत: २०१९ मध्ये डायरेक्टएक्स ११, म्हणजे गेम आणि ग्राफिक्स कार्ड यांना जोडणारी मायक्रोसॉफ्टची प्रणाली, २०२० मध्ये १.३८ सोबत एसएसएओ, म्हणजे खाचाखोचांत साचणाऱ्या सावल्या, आणि मग २०२१ च्या १.४० मध्ये प्रकाशाची अख्खी व्यवस्थाच नवी. तीही फुकट.

खरी कमाई रात्रीची आहे. पूर्वीची रात्र म्हणजे दिवसावरच निळी काच ठेवल्यासारखी, लाइट न लावताही गाडी हाकता यायची. आता दिव्याच्या झोताला कड आहे आणि कडेपलीकडे काळोख. डिपरवर असलो की वळणापुढचं कळत नाही, म्हणून पाय आपोआप ॲक्सिलरेटरवरून निघतो. अण्णांनी तेवढ्यात विचारलंच, "अप्पर का मारत नाहीस? समोरून कोण येतंय?" पेट्रोल पंपावर शिरलो की छपराखालचा उजेड पुढच्या काचेवरून सरकत केबिनमध्ये येतो. त्या एका दृश्यासाठी मी विनाकारण तीनदा डिझेल भरलंय. आयबेरियाचा, म्हणजे स्पेन-पोर्तुगालचा, जादा नकाशा घेतलेल्यांनी सेव्हिलाच्या बाहेर भर दुपारी एकदा गाडी थांबवून बघावं, तिथल्या मातीवरचं ऊन डोळ्यांना खरंच टोचतं.

चित्रातल्या कडा मात्र १.४० मध्येही करवतीसारख्याच. लांबचे कठडे, विजेच्या तारा, रस्त्यावरचे पट्टे सतत चमचमतात, आणि उजेड इतका सुधारल्यावर ते जास्तच खुपतं. स्केलिंग, म्हणजे चित्र आधी मोठं काढून मग पडद्याएवढं लहान करणं, ४०० टक्क्यांवर नेलं की बरंच शांत होतं, पण माझं जीटीएक्स १६५० ग्राफिक्स कार्ड तिथे धापा टाकतं. पहाटेचा तासही मला पटला नाही: आभाळ उजळलेलं असतं आणि केबिन मात्र कोळशासारखी काळी, मीटर वाचायला वाकावं लागतं.

माझ्यासारखं कार्ड असेल तर आधी एसएसएओ बंद करा, आरशांची क्वालिटी मध्यम ठेवा आणि वाचलेली सगळी ताकद स्केलिंगला द्या. मी २०० वर स्थिरावलोय. अण्णांना आज रात्री ऑस्लोहून परतीचा लोड हवाय, पाऊस लागला तर आणखी बरं म्हणतात.