पीसीएचए की डब्ल्यूसीएचएल : पश्चिम कॅनडाच्या दोन अल्पायुषी हॉकी लीग

पॅसिफिक किनाऱ्यावरची पीसीएचए (पॅसिफिक कोस्ट हॉकी असोसिएशन) ही आइस हॉकीची लीग 1911 मध्ये फ्रँक आणि लेस्टर पॅट्रिक या भावांनी उभी केली. तिथला हिवाळा सौम्य, मैदान गोठत नाही. म्हणून वडिलांच्या लाकूडधंद्याच्या पैशातून व्हँकुव्हर आणि व्हिक्टोरियात कॅनडातली पहिली कृत्रिम बर्फाची रिंगणं बांधली. डब्ल्यूसीएचएल (वेस्टर्न कॅनडा हॉकी लीग) 1921 ची. एडमंटन, कॅल्गरी, रेजायना, सॅस्कटून ही प्रेअरीवरची (आतल्या गवताळ मैदानी प्रदेशातली) शहरं. थंडी फुकट, पण प्रेक्षक मोजकेच.

खरा फरक नियमांत होता. पीसीएचएमध्ये 1922 पर्यंत ‘रोव्हर’ (ठरावीक जागा नसलेला, रिंगणभर फिरणारा खेळाडू) धरून सात खेळाडू, मधल्या पट्ट्यात पुढे पास देण्याची मुभा. डब्ल्यूसीएचएल सुरुवातीपासून सहाच खेळाडूंची. सातांच्या खेळाचा परिणाम पाहायचा तर 1918 ची स्टॅनले कप (हॉकीतलं सर्वोच्च विजेतेपद) मालिका पाहा: पूर्वेच्या एनएचएलचा (नॅशनल हॉकी लीग) टोरंटो विरुद्ध पीसीएचएचा व्हँकुव्हर. सामन्यागणिक नियम बदलत. पूर्वेच्या (सहा खेळाडूंच्या) नियमांचे तिन्ही सामने टोरंटोने जिंकले, पश्चिमेचे दोन्ही व्हँकुव्हरने.

नव्या कल्पनांत पीसीएचए निःसंशय सरस: रिंगणाचे पट्टे पाडणाऱ्या निळ्या रेषा, पेनल्टी शॉट (फाऊलबद्दल गोलरक्षकासमोर एकट्याने मारायची संधी) तिच्याच. मात्र संघ तीन-चारच, त्यामुळे एक गळाला की वेळापत्रक कोलमडे. 1924 मध्ये सिॲटल बंद पडलं आणि उरलेले व्हँकुव्हर, व्हिक्टोरिया डब्ल्यूसीएचएलमध्ये गेले. 1925 चा कप व्हिक्टोरियाने जिंकलाही, पण बॉस्टन-न्यूयॉर्कमध्ये पोचलेल्या एनएचएलच्या पगारांशी बरोबरी अशक्य होती. 1926 मध्ये खेळाडू विकून ही लीगही मिटली.