सोलापुरातील अभिनयवर्ग: एका पालकाचा अभिप्राय

सात रस्त्याजवळ दर रविवारी भरणाऱ्या या अभिनयवर्गाला माझी पुतणी आठ आठवडे गेली आणि शेवटचे तीन वर्ग मीही मागे बसून पाहिले. जमिनीवरच्या खुणेकडे न पाहता तिच्यावर नेमके थांबणे, क्लोजअपमध्ये हातवारे आवरणे, पहिल्या शॉटमध्ये ज्या शब्दावर पेला उचलला त्याच शब्दावर तो पुढच्या प्रत्येक शॉटमध्ये उचलणे, हे सारे येथे अंगवळणी पडेपर्यंत करून घेतात. मालिकेच्या सेटवर नवख्याला ते शिकवायला कोणाकडेही वेळ नसतो, म्हणून हा सराव मला फार मोलाचा वाटतो.

सोलापुरात शाळा शिकलेले आणि १९९५ मध्ये राष्ट्रीय नाट्य विद्यालयातून बाहेर पडलेले अतुल कुलकर्णी यांचे उदाहरण येथे वारंवार दिले जाते. सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार त्यांना दोनदा मिळाला, हे मुलांना सांगतात. त्याआधीची रंगमंचावरची मेहनत मात्र सांगत नाहीत, याचे मला मनापासून वाईट वाटले.

करार कसा वाचावा, मानधन उशिरा आले तर काय करावे, दोन कामांमधले रिकामे महिने कसे काढावेत, यांसाठी जेमतेम अर्धा तास दिला गेला. नटाचा संसार याच गोष्टींवर चालतो, त्यामुळे पुढच्या तुकडीत त्यांना पूर्ण रविवार द्यावा.