पहिल्याच्या तोडीचे निघालेले दुसरे भाग, आणि ते भारी का आहेत

आधीच सांगतो, खाली स्पॉयलर भरपूर आहेत. यातला एखादा पिक्चर बघायचा राहिला असेल तर तो परिच्छेद सोडून पुढे जा, बाकीचं नंतर वाचा.

सिक्वेल म्हटलं की लोक म्हणतात पहिल्याच्या नावावर गल्ला भरायचा धंदा, आणि बऱ्याच वेळा ते खरंच असतं. बस ताशी ५० मैलांच्या खाली आली की बॉम्ब फुटणार ही 'स्पीड'ची कल्पना इतकी जबरदस्त होती की दोन तास श्वास रोखून बघतो आपण, आणि मग १९९७ मध्ये 'स्पीड २' आला त्यात बसच्या जागी जहाज, हिरो बदललेला, आणि जहाज मुळात हळूच चालतं त्यामुळे त्या नावाचाच जीव गेला. पण जे सिक्वेल खरोखर ग्रेट आहेत ते मी पुन्हा पुन्हा बघत आलोय आणि त्या सगळ्यांत मला एक गोष्ट सारखी दिसते. पहिल्या पिक्चरने शेवटी जे गुपचूप मिटवून टाकलेलं असतं ना, म्हणजे हिरो जिंकला, संपलं, चला घरी, ते हे लोक परत उघडतात. जिंकला ते ठीक, पण त्याची किंमत कोणी मोजली? हा प्रश्न विचारायची हिंमत ज्या दुसऱ्या भागात आहे तोच पहिल्याच्या शेजारी उभा राहतो. बजेट वाढवून, व्हिलन दुप्पट करून ते होत नाही.

'टर्मिनेटर'पासून सुरू करतो कारण सिक्वेलचा विषय निघाला की हे नाव निघतंच. पहिला १९८४ चा, साधारण ६४ लाख डॉलरमध्ये बनवलेला, जवळजवळ हॉरर पिक्चर, त्यात भविष्यातून आलेलं मशीन, म्हणजे अर्नॉल्ड, सॅरा कॉनर या बाईला मारायला निघतं. दुसरा १९९१ चा, खर्च १० कोटी डॉलरच्या आसपास, त्या वेळचा सगळ्यात महागडा पिक्चर. दिग्दर्शक दोन्हीचा जेम्स कॅमेरॉनच. लोकांना आठवतो तो वितळून परत उभा राहणारा नवा मारेकरी मशीन टी-१००० आणि ते इफेक्ट्स आजही कमाल दिसतात यात वादच नाही, त्याला ऑस्करही मिळालं. पण माझ्यासाठी हा पिक्चर सॅरा कॉनरचा आहे. पहिल्या भागात ती साधी वेट्रेस, क्लबमध्ये बसलेली, आणि तिच्या कपाळावर बंदुकीचा लाल लेझरचा ठिपका येतो. दुसऱ्या भागात ती मायल्स डायसनला मारायला जाते, म्हणजे ज्या माणसाच्या संशोधनातून पुढे सगळा विनाश होणार आहे त्याला, आणि तो आपल्या घरात कॉम्प्युटरसमोर काम करत बसलाय, आणि त्याच्या पाठीवर तोच लाल ठिपका. त्याच्या मुलाची रिमोटवरची गाडी पायाला येऊन धडकते म्हणून तो खाली वाकतो आणि गोळी चुकते. मग ती घरात घुसते, तो जखमी होऊन जमिनीवर, बायको रडतेय, पोरगा बापाला बिलगलाय, आणि हिच्या हातून ट्रिगर दाबला जात नाही. ती तिथेच कोसळते. मशीनपासून पळता पळता ही बाई स्वतःच मशीन होत आली होती हे त्या एका लाल ठिपक्यात सांगितलंय, एकही डायलॉग न मारता. पहिला बघितलेला असेल तरच हा शॉट पूर्ण लागतो.

अजून एक जागा. मेंटल हॉस्पिटलमधून ती पळून निघालीय, जवळजवळ सुटलीय, आणि लिफ्टचं दार उघडतं आणि आतून अर्नॉल्ड बाहेर येतो. आपल्याला माहितीये की या वेळी तो वाचवायला आलाय. तिला माहीत नाही. ती पाय घसरून पडते, मागे सरकते, आणि ज्यांच्यापासून पळत होती त्यांच्याच दिशेने परत धावत सुटते. पहिल्या पिक्चरची सगळी भीती त्या काही सेकंदांत तिच्या चेहऱ्यावर आहे. लिंडा हॅमिल्टनने जे काम केलंय त्याला तोड नाही, आणि सिक्वेलने ओरिजिनलचा वापर कसा करावा याचं याहून चांगलं उदाहरण मला तरी माहीत नाही. निकाल विचाराल तर पहिला जास्त भीतीदायक, दुसरा जास्त मोठा पिक्चर. माझं मत दुसऱ्याला.

त्याच कॅमेरॉनने त्याआधी १९८६ मध्ये 'एलियन्स' केला होता, रिडली स्कॉटच्या १९७९ च्या 'एलियन'चा दुसरा भाग. इथे मात्र मी पहिल्याच्या बाजूने आहे, थोड्याच फरकाने. स्कॉटचा पिक्चर संथ आहे, तो प्राणी धड दिसतसुद्धा नाही आणि म्हणूनच घाबरवतो. कॅमेरॉनला कळलं होतं की एकदा दिसलेल्या प्राण्याची तीच भीती परत देता येणार नाही, म्हणून त्याने जातच बदलली, हॉररचा युद्धपट केला, एकाच्या जागी झुंडी. नुसतं एवढंच असतं तर मी त्याला ग्रेट म्हटलं नसतं. पण पहिल्या भागातून वाचलेली रिप्ली ५७ वर्षं झोपून उठते आणि तिच्या ओळखीचं जग संपलेलं असतं, रात्री किंचाळत जागी होते, तिच्या बोलण्यावर कोणी विश्वास ठेवत नाही. एवढं भोगून बाहेर आलेल्या माणसाचं पुढे काय होतं हे आधी दाखवलंय, गोळीबार नंतर. स्पेशल एडिशन मिळाली तर तीच बघा, त्यात रिप्लीला कळतं की मागे राहिलेली तिची मुलगी म्हातारी होऊन वारलीसुद्धा. ते कळलं की न्यूट या पोरीसाठी ती जीवावर का उदार होते हे कोणी समजावून सांगावं लागत नाही. सिगर्नी वीव्हरला या रोलसाठी ऑस्कर नॉमिनेशन मिळालं होतं, अॅक्शन पिक्चरमधल्या बाईला, १९८६ साली. आणि मग १९९२ च्या तिसऱ्या भागाने सुरुवातीलाच न्यूटला मारून टाकलं, त्याचा राग मला अजून आहे. दुसऱ्या भागाने जे कमावलं ते पहिल्या काही मिनिटांत फेकून दिलं.

आता 'गॉडफादर'. पहिला १९७२, दुसरा १९७४, फक्त दोन वर्षांत. बेस्ट पिक्चरचं ऑस्कर मिळालेला पहिला सिक्वेल हाच, एकूण ६ ऑस्कर, म्हणजे पहिल्याला ३ मिळाले होते त्याच्या दुप्पट. माफिया डॉन व्हिटो कॉर्लिओनेच्या भूमिकेसाठी पहिल्या वेळी मार्लन ब्रँडोला आणि दुसऱ्या वेळी तरुण व्हिटोसाठी रॉबर्ट डी नीरोला, असं एकाच पात्रासाठी दोघांना ऑस्कर मिळालंय.

पण बक्षिसं बाजूला ठेवू. पहिल्या भागाचा शेवट सगळ्यांना पाठ आहे, व्हिटोच्या मुलाच्या, मायकलच्या खोलीचं दार त्याच्या बायकोच्या, केच्या तोंडावर बंद होतं. त्या वेळी दार दुसराच माणूस लावतो. दुसऱ्या भागात के मुलांना चोरून भेटायला येते, दारात उभी आहे, निघताना रेंगाळतेय, आणि मायकल येतो, तिच्याकडे बघतो आणि स्वतःच्या हाताने दार लावतो. पहिल्याने आपल्याला फॅमिली फॅमिली म्हणत या माणसाच्या प्रेमात पाडलं होतं, आणि खरं सांगायचं तर आपण त्याच्या खुनांनासुद्धा मनातल्या मनात टाळ्या वाजवल्या होत्या. दुसरा म्हणतो, बरं, फॅमिलीसाठी केलंस ना सगळं, दाखव मग फॅमिली कुठंय? बापाची गोष्ट आणि मुलाची गोष्ट एकाआड एक चालते, बाप शून्यातून घर उभं करतोय आणि पोरगा तेच घर एकेक माणूस करून रिकामं करतोय. काही लोक म्हणतात की या उड्यांमुळे लिंक तुटते, सव्वातीन तासांहून लांब पिक्चर आहे तर ते समजू शकतो, पण दोन्ही गोष्टी वेगवेगळ्या केल्या तर दोन्ही निम्म्या होतील असं मला वाटतं.

शेवटचा फ्लॅशबॅक नीट बघा. डिसेंबर १९४१, वडिलांचा वाढदिवस, सगळी भावंडं टेबलाभोवती, केक आलाय. मायकल सांगतो मी मरीन्समध्ये भरती झालोय. सनी भडकतो, घरातच वाढलेला टॉम हेगन सांगतो की वडिलांनी तुझ्यासाठी वेगळा विचार केलाय, आणि अख्ख्या टेबलावर एकटा फ्रेडो हात पुढे करून त्याचं अभिनंदन करतो. फ्रेडो! ज्याला मायकलच्या सांगण्यावरून नुकतंच तळ्यात मारलेलं आपण बघितलंय. मग वडील आले म्हणून सगळे उठून जातात आणि मायकल टेबलावर एकटा. वडील दिसतच नाहीत, नुसता बाहेरून आवाज, कारण ब्रँडो या भागात नाहीच, आणि त्याच्या नसण्याचा इतका चांगला उपयोग करून घेतलाय की तो असता तर सीन कदाचित कमीच पडला असता. पुन्हा पुन्हा बघायला पहिला जास्त सोपा आहे, जास्त रंगतदारही आहे. पण मनावर ओझं ठेवून जातो तो दुसरा.

आपल्याकडचं बोलायचं तर 'लगे रहो मुन्नाभाई' (२००६) ला पर्याय नाही. 'मुन्नाभाई एमबीबीएस' (२००३) पासून हिरानीने मुन्ना, सर्किट आणि त्यांची भाषा एवढंच उचललं, बाकी गोष्ट कोरी पाटी, मेडिकल कॉलेज जणू झालंच नाही. बोमन इराणी पहिल्यात डॉ. अस्थाना, दुसऱ्यात लकी सिंग, आणि कोणालाही खटकलं नाही. पहिल्यात मुन्ना इतरांना बदलतो, जादू की झप्पी देऊन, तो स्वतः मुळात चांगलाच असतो फक्त गुंड आहे एवढंच. दुसऱ्यात त्याला स्वतः बदलावं लागतं. सर्किटला हात उचलल्यावर माफी मागताना त्याची जी तगमग होते ती बघा, संजय दत्तचं ते आयुष्यातलं बेस्ट काम असेल. आणि दिलीप प्रभावळकरांचे बापू, काय बोलावं! आवाज नाही चढवला, उपदेशाचा सूर नाही, घरातलं मोठं माणूस बाजूला बसून बोलतंय असं वाटतं, नॅशनल अॅवॉर्ड मिळालं ते शंभर टक्के बरोबर. त्यात सगळ्यात धाडसी गोष्ट म्हणजे पिक्चर स्वतःच भर सभेत दाखवून देतो की बापू म्हणजे मुन्नाच्या डोक्यातला केमिकल लोचा आहे, त्याला जे माहीत नाही ते बापूंनाही माहीत नाही. एवढं करूनही प्रेक्षक बापूंना सोडत नाही. पहिला जास्त हसवतो आणि जास्त रडवतो हे मान्य, तरी माझी पसंती दुसऱ्याला.

'दृश्यम'बद्दल मात्र माझी दोन मनं आहेत. मल्याळम ओरिजिनल २०१३ चा, दुसरा भाग २०२१ चा, दोन्ही जीतू जोसेफचे आणि मोहनलालचे, हिंदीवाले नंतरचे. थ्रिलर म्हणून पहिल्याची वीण जास्त घट्ट आहे. घरच्यांना वाचवायला बापाने, जॉर्जकुट्टीने लपवलेलं प्रेत नव्या पोलिस स्टेशनच्या जमिनीखाली, हा शेवट बघून माणूस उठून उभा राहतो. दुसऱ्याच्या शेवटाकडे काही योग जरा जास्तच जुळून येतात. पण दुसऱ्याचा पहिला तास, ज्याला कित्येक जण स्लो म्हणतात, तोच मला सगळ्यात मोलाचा वाटतो. कुटुंब सुटलं खरं, पण वर्षं लोटली तरी मोठी मुलगी पोलिसांचं नाव काढलं की हादरते, तिला झटके येतात, गावात कुजबुज चालूच, नवरा-बायकोत एक न बोललेलं काहीतरी कायम उभं. पहिल्या भागात जॉर्जकुट्टीच्या हुशारीवर आपण शिट्या मारल्या, आणि ती हुशारी रोज घरात कोणाला भोगावी लागते ते हा तास दाखवतो. घाई करू नका, तो तास नीट बघा.

लहान मुलांच्या पिक्चरमध्येही हेच आहे. 'टॉय स्टोरी २' (१९९९) आधी थेट व्हिडिओवर आणायचा विचार होता, नंतर थिएटरसाठी ठरला आणि गोष्ट जवळजवळ नव्याने बांधली. त्यात जेसी या बाहुलीचं गाणं लागतं, मुलगी मोठी होते, खेळणं पलंगाखाली पडून राहतं. पहिल्या भागात वुडी या खेळण्याला भीती होती की नवं खेळणं आपली जागा घेईल. इथे प्रश्न थेट आहे की पोरगा मोठाच होणार आहे, मग? उत्तर मिळायला २०१० चा तिसरा भाग यावा लागला.

'डार्क नाइट'वर इतकं लिहून आलंय की मी थोडक्यात आवरतो. जोकर झालेला हीथ लेजर अफाट, पिक्चर 'बॅटमॅन बिगिन्स'पेक्षा सरस, पण मुळात त्याचं बी पहिल्याच्या शेवटच्या सीनमध्ये आहे, जिथे पोलिस अधिकारी गॉर्डन बॅटमॅनला म्हणतो तू मुखवटा घातलास तर आता समोरचेही तसेच येणार, आणि जोकरचा पत्ता हातात देतो.

शेवटी माझा सगळ्यात लाडका. 'बिफोर सनराइज' (१९९५) मध्ये एक मुलगा आणि एक मुलगी व्हिएन्नात एक रात्र भटकतात आणि सहा महिन्यांनी इथेच भेटू म्हणून निघून जातात, फोन नंबरसुद्धा न घेता. वयाच्या विशीत ते किती रोमँटिक वाटतं. 'बिफोर सनसेट' (२००४) खरोखर ९ वर्षांनी आला, तेच दिग्दर्शक, तेच दोघं नट, आणि या वेळी इथन हॉक आणि ज्युली डेल्पी यांचं नाव लेखनातही आहे. पॅरिस, जेमतेम ८० मिनिटं, आणि पडद्यावर वेळ जवळजवळ घड्याळाप्रमाणेच सरकतो, त्याला विमान पकडायचंय. आधी नुसत्या गप्पा, हसणं, मी मजेत आहे वगैरे, आणि मग गाडीत बसल्यावर तिचा बांध फुटतो आणि कळतं की त्या एका सुंदर रात्रीने दोघांची पुढची सगळी नाती बिघडवून ठेवलीत. ती बोलत असताना तो तोंड फिरवतो, जरा वेळाने तो बोलत असतो आणि ती हळूच त्याच्या केसांकडे हात नेते, तो वळतो तशी झटकन मागे घेते. हात लागतच नाही. पहिल्या पिक्चरमधल्या सगळ्या चुंबनांपेक्षा तो न लागलेला हात मला जास्त मोठा वाटतो.

पहिला पुन्हा बघून मगच हा लावा, आणि शक्य असेल तर दोन्हींच्या मध्ये काही वर्षं जाऊ द्या. तिसरा 'बिफोर मिडनाइट' (२०१३) एकत्र संसार आणि मुलं झाल्यानंतरचा आहे, कडू आहे, चांगला आहे, पण त्याच रात्री लागोपाठ लावू नका, दुसऱ्याला जरा मुरू द्या.