बोलकी काच घेतली, दुकान चांगलंय पण दिव्याजवळचा माल घेऊ नका

हुंकाऱ्याच्या तळ्याकाठी बोलक्या काचेची दुकानं आहेत ना ओळीने, त्यातल्या उतारावरच्या अगदी शेवटच्या दुकानातून मी मागच्या पौर्णिमेला एक तुकडा आणला, तेव्हापासून जो तो विचारतोय कसाय कसाय, म्हणून एकदाच सगळं लिहून टाकते.

ज्यांना काहीच माहीत नाही त्यांच्यासाठी आधी थोडंसं. हुंकारा डोंगर बऱ्याच वर्षांनी एकदा फुटतो, म्हणजे धडामधूम काही नाही, कुशीतली एक भेग उघडते आणि काकवीपेक्षा घट्ट असा लाल रस सरकत सरकत थेट त्या बर्फगार तळ्यात उतरतो. पाण्याला टेकला रे टेकला की काच. आणि काच होताना आजूबाजूला जो आवाज चालू असेल तो आतच राहतो. त्यामुळे अस्सल तुकडा सुरूच चर्रर्र करून होतो, तापल्या तव्यावर पाणी मारल्यासारखा, आणि मग त्यामागून जे काय असेल ते. कोणी तुम्हाला चर्रर्रशिवाय एकदम स्वच्छ गाणं ऐकवलं तर आधी पडद्यामागे बघा, पोरगं बसवलेलं असतं.

दुसरं म्हणजे कडेचा माल आणि गाभ्याचा माल. कड झटकन गार होते म्हणून काळीशार, आरपार बघितलं तर धुरकट दिसते, तीच बोलते. गाभा सावकाश निवतो, त्यात बारीक बारीक कण धरतात आणि तो साधा दगडच होऊन बसतो, मुका. बाकीची दुकानं गाभ्याला तेल चोळून चमकवतात आणि कडेच्या भावात खपवतात. ओळखायचं कसं, तर तुटलेली बाजू बघायची. कड फुटली की शिंपल्यासारख्या गोल गोल लाटा उमटतात आणि धार अशी की सुरीने लाजावं (माझं बोट गेलं, बघताना सांभाळा), गाभा नुसता खरबरीत तुटतो.

या दुकानात ही फसवाफसवी अजिबात नाही, याचे पूर्ण मार्क. दुकान एक आजी चालवतात, दोन्ही माल वेगळ्या फळ्यांवर, हातात घेऊन बघू देतात, घाई नाही. मी चार चार वेळा तोच प्रश्न विचारला तरी वैतागल्या नाहीत.

आता तक्रार. काच ऊब मिळाली की बोलते, तळहातात धरून कानाला लावली की पुरते. पण गिऱ्हाइकाला दुकानभर ऐकू जावं म्हणून आजींचा नातू प्रत्येक तुकडा दिव्यावर धरतो. आवाज येतो मोठा, खरंय, पण अडकलेला आवाज उबेने थोडा थोडा सुटत असतो, एकदा सुटला की गेला. म्हणजे आपण घेतो तो तुकडा आधी पन्नास जणांनी ऐकून झिजवलेला! एक फार सुंदर होता, पाऊस आणि लांबून बैलांच्या घंटा, ४० रुपेरी सांगत होते, पण घंटा इतक्या पुसट झालेल्या की मला वाटलं माझेच कान भरलेत. आणि सारखा तापवला की काच आतून पांढुरकी पिठूळ व्हायला लागते, त्या फळीवरच्या तिघाचौघांना तसे ठिपके आलेले मी स्वतः बघितले.

मी म्हटलं, आजी, न ऐकवलेला नाही का एखादा? तर त्या म्हणाल्या, "आहे की गं, पण मग आत काय निघेल ते तुझं नशीब, परत घेणार नाही." मागच्या टोपलीतला दिला १२ रुपेरीला. माझं ऐकाल तर तोच घ्या.

बांधून देताना मात्र ओल्या शेवाळात गुंडाळला, हे काय डोकं म्हणायचं! ही काच ओल पिते, वर्षानुवर्षं तशीच राहिली तर वरून राखाडी साय धरते, कांद्यासारखे पापुद्रे सुटतात आणि आवाज रजईतून आल्यासारखा येतो. घरी आल्या आल्या पुसून कोरड्या लोकरीत ठेवलाय.

तर पाच पैकी साडेतीन तारे, दीड तारा दिवा आणि शेवाळ या दोघांनी मिळून खाल्ला. सकाळी लवकर जा, दुपारी उन्हाने बाहेरची फळी आपली आपणच पुटपुटत असते आणि तेवढा माल फुकट जातो.

आणि हो, माझ्या तुकड्यात काय निघालं, हे सगळ्यांना हवंच असतं. चर्रर्र, मग कोणीतरी बाई जीव खाऊन ओरडते, "अगं बादली! आधी बादली उचल!", मग दुसरी शांतपणे, "कुठली?" आणि संपलं. आई दिवसातून एकदाच ऐकायचं असा नियम करून बसलीये, आणि स्वतः चोरून दोनदा ऐकते.