'लास्ट सपर'चं तिकीट म्हणून आम्हाला जे विकलं गेलं

मिलानमध्ये लिओनार्दो द विंचीचं 'लास्ट सपर' बघायला आम्ही चौघांनी माणशी ७६ युरो भरले होते. म्हणजे सगळे मिळून तीस हजार रुपयांच्या घरात. चित्र आम्हाला बघायला मिळालं नाही, कारण पैसे घेणाऱ्या वेबसाइटकडे आमच्या नावाचं तिकीट कधी नव्हतंच. इटलीला खास चित्रं-शिल्पं बघायला जाणारे आपल्याकडचे कितीतरी लोक याच वाटेने जातात, म्हणून सविस्तर लिहिते आहे.

मिलान, फ्लॉरेन्स आणि रोम असा आमचा आठवडा होता. बाबांनी नोकरीभर शाळेत चित्रकला शिकवली. एलिमेंटरी-इंटरमिजिएटच्या मुलांना ते ही चित्रं पुस्तकातल्या छापील पानांवरून समजावून सांगायचे. त्यामुळे काय बघायचं हे आधी ठरलं आणि हॉटेल, गाड्या वगैरे त्यानंतर.

'लास्ट सपर' सांता मारिया देल्ले ग्राझिए या मठाच्या भोजनगृहाच्या भिंतीवर आहे. लिओनार्दोने ते ओल्या गिलाव्यावर न रंगवता कोरड्या भिंतीवर रंगवलं, म्हणून त्याच्या हयातीतच रंग सुटू लागला. १९४३ च्या बॉम्बहल्ल्यात भोजनगृहाची मोठी पडझड झाली, पण वाळूच्या पोत्यांचा आधार दिलेली ही भिंत वाचली. वीसेक वर्षं चाललेलं जतनाचं काम १९९९ मध्ये पूर्ण झालं. आता धूळ आणि दमट हवा आत जाऊ नये म्हणून मोजक्याच लोकांना एका वेळी आत घेतात, तेही पंधरा मिनिटांसाठी. अधिकृत तिकीट साधारण १५ युरोचं. काही महिन्यांची तिकिटं एकदम खुली होतात आणि लगेच संपतात.

आपल्या लोकांची अडचण इथूनच सुरू होते. शेंगेन व्हिसा मिळेपर्यंत म्युझियमची तिकिटं काढायला कोणी धजत नाही. व्हिसा येतो तेव्हा प्रवास तोंडावर आलेला असतो आणि अधिकृत साइटवर एकही जागा शिल्लक नसते. मग सर्च केल्यावर सगळ्यात वर ज्या साइट दिसतात त्या बहुतेक जाहिराती असतात. नावात म्युझियमचं नाव, पानावर चित्राचा मोठा फोटो, आणि 'आजच्या शेवटच्या ४ जागा' अशी लाल पट्टी. अधिकृत साइटवर संपलेल्या तारखा इथे मात्र सगळ्या हिरव्या दिसतात. माझ्या मते धोक्याची सगळ्यात स्पष्ट खूण हीच आहे.

आमच्या कार्डावरून पैसे ओटीपी न विचारताच गेले. परदेशी व्यवहारात असं पुष्कळदा होतं. नंतर जे आलं त्यावर आमची नावं, तारीख, वेळ, क्यूआर कोड, सगळं होतं. शिवाय तळाशी बारीक अक्षरांत लिहिलं होतं, की ही आरक्षणाची विनंती असून जागा न मिळाल्यास त्याच किमतीची दुसरी सेवा दिली जाईल. हे वाक्य पैसे भरायच्या पानावर कुठेही नव्हतं.

धंदा चालतो तो असा: आधी पैसे घ्यायचे, मग कुठून तरी तिकीट मिळतंय का बघायचं. मिळालं तर मधला फरक खिशात. नाही मिळालं तर 'दुसरी सेवा'. आम्हाला आदल्या रात्री मेल आला, की म्युझियमच्या अंतर्गत कारणांमुळे प्रवेश होणार नाही, त्याऐवजी गाइडसोबत परिसराची पायी फेरी मिळेल. सकाळी आम्ही थेट भोजनगृहाच्या तिकीट खिडकीवर गेलो. तिथल्या बाईंनी यादी तपासली आणि शांतपणे सांगितलं, की या नावांचं आरक्षण झालेलंच नाही आणि त्यांच्याकडून काहीही रद्द झालेलं नाही. 'अंतर्गत कारण' हे सपशेल खोटं होतं. बाबा तिथे काहीच बोलले नाहीत. मला आजही राग येतो तो पैशांपेक्षा याचा.

त्या दिवशी आम्ही कास्तेल्लो स्फोर्झेस्को या मिलानमधल्या जुन्या किल्ल्यात गेलो. मायकेलअँजेलोने १५६४ मध्ये मरेपर्यंत ज्यावर काम केलं ती अपूर्ण 'रोंदानिनी पिएता', म्हणजे मृत येशू आणि मेरीचं संगमरवरी शिल्प, तिथे आहे. गर्दी नव्हती. बाबा तिच्याभोवती फिरून फिरून छिन्नीच्या खुणा बघत राहिले.

फ्लॉरेन्समधल्या उफिझी या चित्रसंग्रहालयाचं तिकीटही त्याच साइटवरून घेतलेलं होतं. ते मिळालं, पण एका कोपऱ्यावर उभ्या माणसाकडून, आणि त्यावर छापील किंमत होती २५ युरो, आरक्षणाचे ४ वेगळे. आमच्याकडून घेतले होते ६८. 'रांग टाळा' म्हणून जे विकलं, ते म्युझियमचं साधं वेळेचं आरक्षण निघालं.

सगळ्याच एजन्सी लबाड आहेत असं मी म्हणत नाही. गाइडसह जागा रीतसर घेणाऱ्या कंपन्या आहेत. पैसे भरण्याआधी लेखी विचारा, की आमच्या नावाची आणि वेळेची जागा आत्ता तुमच्याकडे आहे का. उत्तरात 'उपलब्धतेनुसार' आलं तर तिथेच थांबा. कोलोसियमच्या तिकिटांवर ऑक्टोबर २०२३ पासून प्रत्येकाचं नाव असतं आणि दारात पासपोर्ट बघतात, तरीही तिथल्या तिकिटांचा घाऊक साठा करण्यावरून इटलीच्या स्पर्धा नियामकाने २०२५ मध्ये तिकीटविक्री सांभाळणारी आधीची संस्था आणि काही टूर कंपन्यांना मिळून सुमारे २ कोटी युरो दंड केला. व्हॅटिकनच्या भिंतीलगत गळ्यात ओळखपत्र अडकवून 'रांग तीन तासांची आहे' म्हणत मागे लागणाऱ्यांशी बोलूसुद्धा नका. व्हॅटिकन म्युझियमच्या खऱ्या साइटचा पत्ता 'डॉट व्हीए'ने संपतो.

रोममध्ये काही मोठी चित्रं-शिल्पं बघायला तिकीटच लागत नाही. सान लुईजी देई फ्रांचेझी चर्चमध्ये संत मॅथ्यूवरची कारावाज्जोची तिन्ही चित्रं आहेत, सांता मारिया देल पोपोलोमध्ये आणखी दोन, आणि सान पिएत्रो इन विंकोलीमध्ये मायकेलअँजेलोचं 'मोझेस' हे शिल्प. प्रवेश फुकट. दुपारी चर्च बंद असतात, तेवढी वेळ सांभाळायची. आधी तिकिटाची कामं संपवा आणि राहिलेल्या वेळेत ही ठिकाणं बसवा. आमचा निम्मा आनंद इथूनच आला.

परत आल्यावर बँकेत कार्डाच्या व्यवहारावर तक्रार नोंदवली. त्याला मुदत असते, म्हणून आठवडाभरसुद्धा थांबू नका. आदल्या रात्रीचा मेल, बारीक अक्षरांचा स्क्रीनशॉट, आणि पैसे भरायच्या पानाचा स्क्रीनशॉट, हे तिन्ही जोडले. 'लास्ट सपर'चे पैसे पाठपुरावा केल्यावर परत आले. उफिझीचे आले नाहीत, कारण आत प्रवेश मिळाला होता. तुमचं कार्ड भारतातलं असेल तर १९३० या सायबर हेल्पलाइनवरही तक्रार नोंदवा, आणि कार्डावरचे आंतरराष्ट्रीय व्यवहार गरजेपुरतेच चालू ठेवून नंतर बँकेच्या ॲपमधून बंद करा. त्या साइटने आमचं कार्ड साठवून ठेवलं होतं, हे आम्हाला नंतर आलेल्या आणखी एका कपातीच्या मेसेजवरून कळलं.