नेइदानच्या नावाखाली विकलेल्या गोळ्या

मागच्या वर्षी कंपनीच्या कामासाठी आठ महिने वुहानला होतो. पाठदुखी जुनीच, त्यात झोप उडालेली. हूपेइ प्रांतातल्याच वूदांग डोंगराच्या पायथ्याशी एक मास्तर नेइदान, म्हणजे ताओपंथी अंतर्साधना, शिकवतात असं कळलं. सुट्टी टाकून गेलो.

माणूस लाघवी. दुभाषी बाईंमार्फत समजावून सांगितलं: जिंग, ची, शेन, म्हणजे बीज, प्राण, चित्त. बेंबीखालचं दानथ्येन ही भट्टी. शिंग आणि मिंग, मन आणि आयुष्य, दोन्ही बरोबरीने घडवायची. मला थेट ज्ञानेश्वरीच्या सहाव्या अध्यायातली कुंडलिनी आठवली आणि तिथेच मी अर्धा फसलो. ओळखीचं वाटलं म्हणून पुढे एक प्रश्न विचारला नाही.

शंभर दिवसांच्या 'पायाभरणी'चे ९,८०० युआन आगाऊ भरले. पहिले दोन आठवडे झोप छान लागली, हे नाकारत नाही. मग सूर बदलला. "मन तयार आहे, पण मिंग कमकुवत. नुसतं बसून भागणार नाही." लाल गोळ्यांच्या तीन डब्या, प्रत्येकी २,४०० युआन. म्हणजे एकूण १७,०००, आपले दोन लाख रुपये. पैसे वीचॅटवर बाईंच्या खात्यात, पावती नाही.

तोंडाला धातूची चव यायला लागली, हात थरथरू लागले. मास्तर म्हणाले, मळ निघतोय! पुण्यात परतल्यावर डॉक्टरांनी तपासण्या करवल्या, तर लघवीत पारा. गोळ्यांचा तो लाल रंग बहुधा हिंगुळाचा, म्हणजे पाऱ्याच्या लाल खनिजाचा.

नंतर वाचलं तेव्हा कपाळावर हात मारला. नेइदान म्हणजे 'आतली गोळी'. ती साधनेतून शरीरातच घडते, गिळायची नसतेच. गिळायची ती वाइदान, बाहेरची. तसली औषधं घेऊन चीनच्या थांग घराण्यातले सम्राटही दगावले. ताओ परंपरेतल्या च्वानझन पंथाचे गुरू छ्यू छूजी १२२२ साली चंगीझखानाला भेटले. त्याने अमरत्वाचं औषध मागितलं. आयुष्य जपायचे उपाय आहेत, तसलं औषध नाही, असं त्यांनी तोंडावर सांगितलं. आणि मास्तरांच्या भिंतीवर चित्र कुणाचं? याच छ्यू छूजींचं.

बाईंनी मला ब्लॉक केलंय. तिसरी डबी अजून माझ्या कपाटात आहे. पारा असेल म्हणून कचऱ्यात टाकवत नाही. पुण्यात ती कुठे द्यायची, कुणाला माहीत असेल तर सांगा.