विल्यांडीजवळच्या शिंप्याकडे कोट दिला होता, त्याचा अनुभव

एस्टोनियातल्या टार्टूत तीन हिवाळे काढले आणि माझ्या लोकरी कोटाचं अस्तर पार फाटलं, खिशात हात घातला की थेट पाठीपर्यंत जायचा. एका अल्टरेशनच्या दुकानात दाखवला तर तिथली बाई म्हणाली नवीनच घ्या. मग एका मैत्रिणीने विल्यांडीच्या पुढच्या एका गावातला शिंपी सुचवला.

बोर्डवर फक्त 'रॅट्सेप', म्हणजे शिंपी. ना नाव ना टायमिंग. फोन करूनच जा, मी केला नाही आणि पाऊण तास बर्फात उभा राहिलो, चूक माझीच.

काम मात्र एक नंबर. सगळं अस्तर उसवून नवीन लावलं, खांद्याची शिवण मी न सांगता पक्की केली, बटणं सगळी परत लावली, आणि आतला जुना खिसा तेवढा तसाच ठेवला कारण तो म्हणे चांगला शिवलाय. 65 युरो. तीन आठवडे सांगून पाच लावले त्याचा एक स्टार कापलाय. त्याने सॉरी वगैरे काही म्हटलं नाही, सरळ सांगितलं की फिनलंडला, हेलसिंकीला गेलो होतो.

तिथे त्याची मैत्रीण नर्स आहे. राजधानी टॅलिनहून बोटीने दोन तास, पण आधी टॅलिन गाठायचं. तिचं म्हणणं इकडेच ये, पगार जास्त. हा गेला पण होता, आठ महिने कुणाच्या तरी दुकानात दिवसभर जीन्सच्या कडा दुमडत बसला आणि परत आला. मी विचारलं मग लग्न? तर टाचण्या तोंडात धरून नुसतं बघितलं माझ्याकडे. एस्टोनियन माणसाने एवढं सांगितलं हेच खूप, मी पुढे नाही विचारलं.

घराचं मात्र सांगितलं. पणजोबाही शिंपी, तेव्हा शिंपी शेतकऱ्यांच्या घरोघरी फिरायचे, जिथे काम तिथेच जेवण आणि तिथेच झोप, स्वतःचं छप्पर नाही म्हटल्यावर पोरगी कोण देणार. 1919 ला जर्मन जमीनदारांच्या इस्टेटी मोडून जमिनी वाटल्या तेव्हा त्यांना तुकडा मिळाला आणि मग लग्न झालं. तेच हे घर, मशीन खिडकीपाशी आहे ती खोली पणजोबांनी बांधलेली. आता ते सोडून दुसऱ्याच्या दुकानात जायचं, बाकी तुम्हीच समजून घ्या.

कोपऱ्यात पुतळ्यावर एक काळा लांब कोट अर्धवट शिवलेला होता, लाल गोफाची किनार. मुल्गी कोट म्हणतात, या भागातले शेतकरी एकोणिसाव्या शतकात जवस पिकवून श्रीमंत झाले, त्यांचा हा पोशाख. शिंप्याची खरी कमाई यातच आहे, दर पाच वर्षांनी टॅलिनला मोठा गाण्यांचा उत्सव असतो, लोक असेच पारंपरिक पोशाख घालून जातात, त्याच्या आधीचे महिने साधी झिप बदलायला पण जाऊ नका, हात लावणार नाही.

कार्ड चालत नाही, कॅश किंवा ट्रान्सफर. घाई असेल तर जाऊच नका, तुमच्या लग्नाची तारीख सांगितली तरी तो मान हलवून तेच तीन आठवडे सांगेल. आणि शुक्रवार टाळा, दुपारी दुकानाला कुलूप लावून तो टॅलिनची बस पकडतो.